चौथा वर्ग : हिंगोली जिल्ह्याच्या उपजीविकाविषयक आकडेमालिकेतील पुनःसंकेतन

संख्याशास्त्रीय सामग्रीवर काम करणाऱ्या अभ्यासकास पुनःसंकेतन ही बहुधा किरकोळ पूर्वतयारी वाटते. चलाची मूळ मूल्ये घ्यावयाची, त्यांचे सोयीचे गट पाडावयाचे, प्रत्येक गटास नवा अंक द्यावयाचा आणि मग खऱ्या विश्लेषणास लागावयाचे, असा क्रम रूढ आहे. संगणकावर हे सारे एका आज्ञेत उरकते. परंतु जी मूल्ये आपल्या हाती येतात, त्यांवर हा संस्कार पूर्वी एकदा, क्वचित अनेकदा, होऊन गेलेला असतो. हिंगोली जिल्ह्यातील उपजीविकेची १९५१ पासूनची आकडेमालिका जुळवू पाहणाऱ्यास याचा प्रत्यय लवकरच येतो.

प्रथम स्थलनामाचाच प्रश्न. हिंगोली जिल्हा परभणीपासून वेगळा झाला तो १ मे १९९९ रोजी. २००१ च्या जनगणनेत महाराष्ट्रातील या जिल्ह्याचा संकेतांक १६ होता. २०११ मध्ये जिल्ह्यांना अखिल भारतीय अनुक्रम मिळाल्यावर तो ५१२ झाला. त्यापूर्वीच्या कोष्टकांत हिंगोली हा जिल्हा नाहीच. १९५१ मध्ये हा प्रदेश हैदराबाद राज्यातील परभणी जिल्ह्याचा भाग होता. हिंगोली, कळमनुरी आणि वसमत या जुन्या तालुक्यांची बेरीज करून काम भागेल असे वाटते. पण सेनगाव व औंढा नागनाथ हे तालुके मागाहून निर्माण झालेले असल्याने गाव हाच घटक धरून वर चढणे अधिक सुरक्षित होय. संकेतांक संख्या म्हणून न साठवता अक्षरे म्हणून साठवावेत, हेही जाता जाता नमूद करावयास हवे. अन्यथा आरंभीचे शून्य गळून पडते आणि दोन वर्षांच्या याद्या एकमेकींस जुळत नाहीत.

खरी अडचण व्यवसायाच्या चलात आहे, आणि तिचे सर्वोत्तम उदाहरण म्हणजे ‘चार’ हा अंक. १९५१ च्या जनगणनेने साऱ्या लोकसंख्येचे आठ उपजीविकावर्ग पाडले. पहिला मुख्यतः स्वतःची जमीन कसणाऱ्यांचा, दुसरा दुसऱ्याची जमीन कसणाऱ्यांचा, तिसरा शेतमजुरांचा आणि चौथा स्वतः न कसता जमिनीचा खंड घेणाऱ्यांचा. १९६१ मध्ये केवळ काम करणाऱ्यांचे नऊ वर्ग करण्यात आले. त्यांत चौथा वर्ग गृहोद्योगाचा. १९७१ मध्येही वर्ग नऊच राहिले, पण खाणकाम वेगळे काढून त्यास चौथे स्थान दिले गेले आणि गृहोद्योग पाचव्या वर्गाचा ‘अ’ भाग बनला. २००१ पासून मुख्य गोषवाऱ्यात चारच वर्ग उरले असून त्यांतील चौथा ‘इतर कामगार’ हा आहे. म्हणजे एकच अंक अनुक्रमे खंडकरी जमीनधारक, घरी बसून काम करणारा कारागीर, खाणकामगार आणि उर्वरित सारे जग, इतक्यांस लागू पडला!

यातून होणारा प्रमाद काल्पनिक नव्हे. १९६१ साठी लिहिलेली ‘चार म्हणजे गृहोद्योग’ ही आज्ञा १९७१ च्या सामग्रीवर तशीच चालविली, तर संगणक तक्रार करीत नाही. या शेतीप्रधान भागात खाणकाम नगण्य असल्यामुळे दहा वर्षांत गृहोद्योग जवळजवळ नष्ट झाल्याचे चित्र कोष्टकात उमटते. मग त्यावर ग्रामीण कारागिरीच्या ऱ्हासाविषयी एखादा भारदस्त परिच्छेद लिहिला जाणे फारसे अवघड नाही.

१९५१ चे वर्ग इतर वर्षांशी जुळविण्यात याहून गंभीर हानी संभवते. दुसरा वर्ग हा प्रायः कुळांचा, चौथा जमीनमालकांचा. हैदराबाद राज्यात १९४९ मध्ये जहागिरी नष्ट झाल्या आणि १९५० मध्ये कूळकायदा आला. अशा संधिकाळी घेतलेली ही नोंद आहे. १९६१ च्या वर्गवारीत मालक आणि कूळ दोघेही ‘शेतकरी’ या एका नावाखाली आले. कूळ प्रत्यक्षात किती नाहीसे झाले हा स्वतंत्र संशोधनाचा विषय होय. मुख्य वर्गवारीतून मात्र ते पूर्णपणे नाहीसे झाले. शिवाय १९५१ च्या वर्गांत परावलंबी स्त्रिया व मुलेही मोजलेली आहेत. तेथील पहिले दोन वर्ग मिळवून १९६१ च्या शेतकऱ्यांशी ताडून पाहणे म्हणजे कुटुंबांची तुलना कामकऱ्यांशी करणे होय.

स्त्रियांच्या श्रमाबाबत तर वर्गाचे नाव कायम राहूनही अर्थ बदलला. १९६१ मध्ये हंगामी कामाच्या बाबतीत हंगामाच्या बहुतेक काळात रोज निदान एक तास नियमित काम करणारी व्यक्ती कामकरी ठरे. १९७१ मध्ये ‘मुख्य व्यवसाय’ विचारला गेला. घरकाम सांभाळून खुरपणीस वा कापूस वेचणीस जाणारी स्त्री त्यामुळे सहजच गृहिणींत गेली. भारतभर स्त्री-कामकऱ्यांचे प्रमाण १९६१ मधील सुमारे २८ टक्क्यांवरून एका दशकात निम्म्याच्या आसपास आले, याचे प्रमुख कारण व्याख्येतील हा बदल होय. १९८१ पासून मुख्य व सीमांतिक असा भेद आला आणि १९९१ मध्ये घरच्या शेतातील बिनमोबदला कामाचा प्रश्नात स्पष्ट उल्लेख झाला. ही घट कोणत्याही पुनःसंकेतनाने भरून निघत नाही, कारण जी स्त्री मोजलीच गेली नाही तिला अंक कोठून देणार?

एसपीएसएस ही आज्ञावली १९६८ मध्ये स्टॅनफर्ड विद्यापीठात नॉर्मन नाय, हॅडलाय हल आणि डेल बेंट यांनी सिद्ध केली. तीत पुनःसंकेतनाचे दोन मार्ग आहेत : मूळ चलावरच नवी मूल्ये लिहिणे, किंवा नवा चल निर्माण करणे. पहिल्यात अनुल्लेखित मूल्ये जशीच्या तशी राहतात आणि नव्या मूल्यांत मिसळून जातात. दुसऱ्यात ती रिक्त ठरतात. रिक्त स्थाने निदान दिसतात, म्हणून दुसरा मार्ग श्रेयस्कर. जुन्या व नव्या चलाचे परस्परछेदी कोष्टक काढले, की कोणता वर्ग कोठे गेला हे एका दृष्टिक्षेपात कळते.

हिंगोलीच्या मालिकेपुरते बोलावयाचे तर १९६१ नंतरचे नऊ वर्ग चारांत आणता येतात : शेतकरी, शेतमजूर, गृहोद्योग आणि इतर. चारांचे पुन्हा नऊ होत नाहीत, तेव्हा नऊ वर्गांचे मूळ चल जपून ठेवावेत. स्त्रियांचा १९७१ चा आकडा आलेखात तुटक रेषेने दाखवावा. १९५१ चे आठ वर्ग मात्र या मालिकेत न गुंफता वेगळ्या कोष्टकात, त्यांच्या मूळ नावांनिशी द्यावेत.