शमुवेल, समाजी आणि अनया

माझ्या भाचीला लग्नानंतर अकरा वर्षांनी मुलगी झाली. बारशाच्या पत्रिकेचा मसुदा तिने शुद्धलेखन पाहण्यासाठी माझ्याकडे पाठवला. बाळाचे नाव ‘अनया’ आणि पुढे कंसात ‘हिब्रू : देवाने उत्तर दिले’. खाली तिने लिहिले होते, ‘मामा, हा अर्थ खरा आहे ना, तेवढे बघून सांग.’ शुद्धलेखनाला दोन मिनिटे लागली. या एका ओळीला चार दिवस.

नावाचा अर्थ तपासताना तीन गोष्टी पाहाव्या लागतात : मूळ लिपीतील अक्षरे, जुना लेखी आढळ आणि व्याकरण. हिब्रू शब्द बहुधा तीन व्यंजनांच्या धातूवर उभा असतो. ती व्यंजने जुळली नाहीत, तर नुसत्या उच्चारसाम्याला किंमत नाही.

बायबलमधील नहेम्याच्या पुस्तकात, आठव्या अध्यायात, एज्रा लोकांसमोर नियमशास्त्र वाचतो. त्याच्या उजव्या हाताला उभे असलेल्यांत एक ‘अनाया’ आहे. आयिन-नून-हे हा धातू ‘उत्तर देणे’ या अर्थाचा. शेवटचे ‘या’ म्हणजे ईश्वरनामाचे संक्षिप्त रूप, यशया आणि यिर्मया यांच्या नावांत आहे तेच. म्हणजे यादीतला अर्थ बरोबर. पण हा अनाया पुरुष आहे, आणि नाव सारखे असणे म्हणजे ते तिथूनच आलेले असणे नव्हे. अरबीत ‘इनाया’ म्हणजे काळजी, कृपा. आपल्या ओळखीची ‘इनायत’ तीच. संस्कृतात ‘अनय’ म्हणजे दुर्नीती, आणि गवळणींत तो राधेचा नवरा!

अशा याद्यांना हसण्याआधी एक जुने उदाहरण पाहावे. हन्नाला मूल होत नव्हते. तिने देवाकडे मागणे मागितले, मुलगा झाला, आणि ‘मी याला परमेश्वराकडे मागितले’ म्हणून तिने त्याचे नाव शमुवेल ठेवले. हिब्रूत ‘मागणे’ याचा धातू शीन-आलेफ-लामेद. शमुवेलमधल्या ‘मेम’ला, म्हणजे ‘म’ला, त्यात जागाच नाही. व्याकरणाने या नावाचा अर्थ ‘ईश्वराचे नाव’ किंवा ‘त्याचे नाव ईश्वर’ असा लागतो. ‘मागितलेला’ या अर्थाचे नेमके रूप आहे ‘शाऊल’, म्हणजे इस्राएलचा पहिला राजा शौल. त्याच अध्यायाच्या शेवटी हन्ना मुलाविषयी बोलताना हाच शब्द वापरते. त्यामुळे ही जन्मकथा मुळात शौलाची असावी, असे काही अभ्यासकांनी सुचवले. सर्वांना ते मान्य नाही. एवढे मात्र खरे की चुकीची व्युत्पत्ती खुद्द ग्रंथातच आहे.

हेच नाव कोकणात आले, तेव्हा उलटी फसगत होण्याची सोय झाली. मुंबईतले पहिले सिनेगॉग 1796 साली बांधणारे बेने इस्राएली गृहस्थ म्हणजे समाजी हसाजी दिवेकर. नुसते कानाने ऐकणारा ‘समाजी’ची फोड ‘समाज’ अशी करील. पण याच गृहस्थांचे नाव सॅम्युएल इझिकेल दिवेकर असेही लिहिलेले आढळते. समाजी म्हणजे शमुवेल, हसाजी म्हणजे यहेज्केल. ‘जी’ आणि ‘कर’ इथल्या मातीचे. या एका नावाचा अर्थ हिब्रू आणि मराठी दोन्ही जाणल्याशिवाय लागत नाही.

भाचीला मी हे सारे फोनवर सांगितले. कंसात ‘बायबलमधील अनाया या पुरुषनामाशी जुळणारे’ असे छापावे, असेही सुचवले. ती हसली. “पत्रिकेत तळटीप नको, मामा. ती हन्नाची गोष्ट मात्र पुन्हा सांग.”

मी सांगितली. पत्रिका छापून आली, तेव्हा कंसातला ‘हिब्रू’ हा शब्द गळला होता. ‘देवाने उत्तर दिले’ तसेच होते. तिथे माझी लाल शाई मी चालवली नाही.