होकार, नकार आणि अनुसमर्थन

'अनुसमर्थन' हा शब्द वर्गात उच्चारला की विद्यार्थी किंचित गोंधळतात, असा आमचा अनुभव आहे. समर्थन ठाऊक असते. 'अनु' कशासाठी, हे ठाऊक नसते. अनु म्हणजे मागून, पाठोपाठ. एकाने ठरवलेल्या गोष्टीला दुसऱ्याने मागाहून दिलेली संमती म्हणजे अनुसमर्थन. आपल्या संविधानाच्या अनुच्छेद ३६८ नुसार काही विशिष्ट दुरुस्त्यांना किमान निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांची अशी संमती लागते. अमेरिकेच्या संविधानाच्या पाचव्या अनुच्छेदाची अट याहून कडक आहे. तिथे प्रत्येक दुरुस्तीला तीन चतुर्थांश राज्यांचा होकार लागतो. ४८ राज्ये होती तेव्हा ३६, आज ५० असताना ३८.

हे गणित पाठ्यपुस्तकात एका ओळीत संपते. आम्हांला कुतूहल आहे ते त्या गणितातल्या एका न लिहिलेल्या नियमाचे. राज्याने आज 'नाही' म्हटले, तर उद्या 'हो' म्हणता येते का? आणि आज 'हो' म्हटले, तर उद्या ते परत घेता येते का? पाचवा अनुच्छेद याविषयी मौन बाळगतो. मताधिकार आणि समता यांविषयीच्या अमेरिकेतील दुरुस्त्यांचा इतिहास बराचसा या मौनाच्या अर्थनिर्णयाचा इतिहास आहे, असे आम्हांला वाटते.

सुरुवात १८६८ पासून करावी लागते. यादवी युद्धानंतर आलेल्या चौदाव्या दुरुस्तीने कायद्यापुढील समान संरक्षणाची हमी दिली. त्याच दुरुस्तीच्या दुसऱ्या कलमात, मतदारांची गणना सांगताना, 'पुरुष' हा शब्द अमेरिकेच्या संविधानात प्रथमच अवतरला. तोवर स्त्रियांना वगळण्याचे काम राज्यांचे कायदे करीत. आता ते लिंगवाचक विशेषण मूळ संहितेतच आले. समतेचे वचन आणि तिची मर्यादा एकाच मसुद्यात, काही ओळींच्या अंतराने! संहितेचे सूक्ष्म वाचन शिकवणाऱ्यांना याहून बोलका उतारा क्वचितच सापडेल.

दक्षिणेतील बहुतेक पराभूत राज्यांनी ही दुरुस्ती आधी फेटाळली होती. १८६७ च्या पुनर्रचना कायद्यांनी तिथे लष्करी अंमल बसवला आणि काँग्रेसमध्ये, म्हणजे अमेरिकी संसदेत, पुन्हा प्रवेश हवा असेल तर या दुरुस्तीला संमती द्या, अशी अट घातली. नकाराचे होकार झाले. उत्तरेत नेमके उलटे घडले. ओहायो आणि न्यू जर्सी या राज्यांनी दिलेली संमती १८६८ मध्ये मागे घेतली. परराष्ट्रमंत्री सेवर्ड यांना यादी जाहीर करायची होती. त्यांनी २० जुलैच्या घोषणेत या दोन राज्यांविषयी शंका नोंदवून ठेवली. दुसऱ्याच दिवशी काँग्रेसने ठराव करून दोघांचीही नावे संमती देणाऱ्यांत धरली. म्हणजे दक्षिणेचा आधीचा नकार मोजला गेला नाही, आणि उत्तरेची नंतरची माघारही नाही. नकार तात्पुरता, होकार कायमचा, असा दंडक या गणनेतून पडला. त्या होकारांतील कित्येक संगिनींच्या छायेत मिळाले होते, ही गोष्ट आम्ही नजरेआड करू इच्छित नाही. मात्र तो होकार सक्तीचा नसता तर समान संरक्षणाचे कलम कधी आले असते, याचे उत्तर आमच्यापाशी नाही.

यानंतर वीस वर्षांच्या आत, १८८६ ते १८८८ या काळात, पंडिता रमाबाई अमेरिकेत होत्या. १८८९ मध्ये निघालेले त्यांचे 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त' आपल्यापैकी अनेकांनी प्रवासवर्णन म्हणून वाचले असेल. तेथील स्त्रियांच्या संस्था, शिक्षण, संघटनशक्ती यांचे रमाबाईंना मोठे अप्रूप. पण ते पुस्तक छापले जात असताना त्या देशातील एकाही पूर्ण राज्यात स्त्रीला पुरुषाइतका मताधिकार नव्हता. १८६९ पासून तो देणारे वायोमिंग १८९० पर्यंत राज्यच नव्हते, केवळ प्रदेश होता.

एकोणिसावी दुरुस्ती, म्हणजे लिंगाच्या कारणाने मताधिकार नाकारण्यास बंदी, काँग्रेसने ४ जून १९१९ रोजी संमत करून राज्यांकडे पाठवली. १० जूनला विस्कॉन्सिन, इलिनॉय आणि मिशिगन यांनी होकार दिला. वॉशिंग्टन राज्याच्या संमतीने मार्च १९२० मध्ये संख्या ३५ वर पोहोचली. ॲलिस पॉल आणि त्यांच्या नॅशनल वुमन्स पार्टीतील सहकारी प्रत्येक राज्यागणिक एका ध्वजावर एक तारा शिवत होत्या. आता एकच तारा उरला होता. जूनमध्ये डेलावेअरने निराशा केली, आणि सगळ्यांच्या नजरा टेनेसी राज्याची राजधानी नॅशव्हिल हिच्याकडे वळल्या.

त्या ऑगस्टमध्ये नॅशव्हिलला समर्थक पिवळा गुलाब लावीत, विरोधक लाल. कॅरी चॅपमन कॅट हर्मिटेज हॉटेलात मुक्काम ठोकून होत्या. विरोधकांचाही तळ तिथेच होता. विरोधकांच्या प्रचाराचे एक सूत्र उघड वांशिक होते: ही दुरुस्ती मान्य केली की पंधराव्या दुरुस्तीचे, कृष्णवर्णीयांच्या मताधिकाराचे, भूत पुन्हा उठेल. सिनेटने १३ ऑगस्टला ठराव २५ विरुद्ध ४ असा सहज संमत केला. खरी लढत प्रतिनिधिगृहात होती.

१८ ऑगस्टला सभापती सेथ वॉकर यांनी ठराव बाजूला ठेवण्याची सूचना मांडली. बँक्स टर्नर या सदस्याने अनपेक्षितपणे सूचनेविरुद्ध मत दिले आणि मते पडली ४८–४८. नावे पुन्हा पुकारली, पुन्हा ४८–४८. बरोबरीमुळे सूचना फेटाळली गेली. पण विरोधकांना त्याची फिकीर नव्हती. मूळ ठरावावरही बरोबरीच झाली असती तर ठराव पडला असता. तेव्हा मूळ ठरावच मतास घेतला गेला. इंग्रजी वर्णक्रमात हॅरी बर्न यांचे नाव लवकर येते. वय २४, सभागृहातील सर्वांत तरुण सदस्य, कोटावर लाल गुलाब, आणि काही क्षणांपूर्वीची त्यांची दोन्ही मते ठराव बाजूला ठेवण्याच्या बाजूने. बर्न 'हो' म्हणाले. ठराव ४९ विरुद्ध ४७ असा संमत झाला.

त्यांच्या खिशात आईचे पत्र होते. फेब एन्समिंगर बर्न या नियोटा गावी शेतीवाडी सांभाळणाऱ्या विधवा, वृत्तपत्रे बारकाईने वाचणाऱ्या. विरोधकांची भाषणे आपण वाचली, पण तू कुठल्या बाजूला आहेस ते काही कळले नाही, असे त्यांनी मुलाला सुनावले होते आणि मिसेस कॅट यांना मदत करायला सांगितले होते. अनुसमर्थनाच्या इंग्रजी शब्दाची पहिली तीन अक्षरे म्हणजे उंदीर. त्यावर त्यांनी केलेला श्लेष मराठीत आणता येत नाही. दुसऱ्या दिवशी बर्न यांनी सभागृहाच्या कामकाजात खुलासा नोंदवला. त्यात नैतिक आणि कायदेशीर हक्काचा उल्लेख आहे, आणि आईचा सल्ला मानणे मुलाला केव्हाही हिताचे, हेही आहे. ही कथा इतक्यांदा आणि इतक्या लाडिकपणे सांगितली गेली आहे की सत्तर वर्षांची स्त्रियांची चळवळ एका आज्ञाधारक मुलाच्या गोष्टीत विरघळून जाते. ती सांगताना आमच्यावरही हा आळ येईल. पण बर्न यांना त्याच नोव्हेंबरात पुन्हा निवडणूक लढवायची होती, आणि हॅरीच्या आईला स्वतःला विधिमंडळाच्या निवडणुकीत मत नव्हते, एवढे तरी तिच्यासोबत सांगितले पाहिजे.

पुढचा अंक कमी सांगितला जातो. वॉकर यांनी फेरविचाराची सूचना मांडता यावी म्हणून आपले मत लगेच बदलले. ती वेळ टळावी, गणपूर्ती होऊ नये, म्हणून विरोधी सदस्यांचा एक गट रातोरात अलाबामा राज्यात निघून गेला. समर्थकांनी तरीही काम पुढे रेटले. २४ ऑगस्टला राज्यपाल रॉबर्ट्स यांनी प्रमाणपत्रावर सही केली, २६ ऑगस्टला परराष्ट्रमंत्री बेनब्रिज कोल्बी यांनी सकाळी आपल्या घरीच घोषणेवर सही केली. ३१ ऑगस्टला टेनेसीच्या प्रतिनिधिगृहाने आपला होकार फिरवण्यासाठी मतदान केले. वॉशिंग्टनने त्याची दखल घेतली नाही. १८६८ चा दंडक टिकला. मेरीलँडमधून या साऱ्याला आव्हान मिळाले, तेव्हा १९२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या वतीने न्यायमूर्ती ब्रँडाइस यांनी लिहिले की राज्याने संमतीची रीतसर सूचना दिली की विषय संपतो.

येथे एक योगायोग नोंदवावासा वाटतो. याच सुमारास, १९१९ च्या कायद्याने ब्रिटिश पार्लमेंटने हिंदुस्थानातील स्त्रियांच्या मताधिकाराचा प्रश्न प्रांतिक कायदेमंडळांवर सोपवला होता. १९२१ मध्ये आधी मद्रास आणि मग मुंबई या प्रांतांनी लिंगभेदाची अट काढली. मालमत्तेची अट राहिली, त्यामुळे लाभ मूठभर स्त्रियांनाच झाला. पण एका देशाच्या स्त्रियांचा हक्क तुकड्यातुकड्यांनी, सभागृहामागून सभागृह, मान्य होण्याचा अनुभव आपल्यालाही परका नाही. १९५० मध्ये अनुच्छेद ३२६ ने सर्व प्रौढांना एकदम मताधिकार दिला, तेव्हा आपण ती वाट सोडली.

अमेरिकेत १९२० नंतरही दक्षिणेतील कृष्णवर्णीय स्त्रीच्या हाती मतपत्रिका आली नाही. मतदान-कर आणि साक्षरतेच्या चाचण्या तिच्या वाटेत उभ्या होत्या. संघीय निवडणुकांतील मतदान-कर १९६४ च्या चोविसाव्या दुरुस्तीने गेला (तिला सभागृहात स्पष्ट नकार देणारे राज्य एकच, मिसिसिपी) आणि १९६५ च्या मताधिकार कायद्याने चाचण्यांना आळा घातला. अठरा वर्षांच्या मुलांना मत देणारी १९७१ ची सव्विसावी दुरुस्ती मात्र शंभर दिवसांत मंजूर झाली. त्यापेक्षा आम्हांला उशिराचे होकार अधिक वाचनीय वाटतात. केंटकीने तेरावी, चौदावी आणि पंधरावी या तिन्ही दुरुस्त्यांना १९७६ मध्ये संमती दिली. मिसिसिपीने एकोणिसावी दुरुस्ती मान्य केली १९८४ मध्ये. गुलामगिरी संपवणारी तेरावी १९९५ मध्ये, आणि तिची सूचना केंद्राकडे रीतसर पोहोचायला २०१३ उजाडले. ओहायो आणि न्यू जर्सी यांनी १८६८ ची माघार २००३ मध्ये मागे घेतली. कायद्याच्या दृष्टीने यांतील एकाही ठरावाने काही बदलत नव्हते. 'अनु' या उपसर्गाचा अर्थ मात्र तिथे पुरता उलगडतो.

होकार कायमचा हा दंडक खरा कसाला लागला तो समान हक्क दुरुस्तीत. ॲलिस पॉल यांनी १९२३ मध्ये मांडलेली ही कल्पना काँग्रेसने २२ मार्च १९७२ रोजी संमत केली. हवाईने त्याच दिवशी होकार दिला आणि १९७३ अखेर ३० राज्ये झाली. मग फिलिस श्लाफ्ली यांनी विरोध संघटित केला. १९७७ मध्ये इंडियानाने संख्या ३५ वर नेली, आणि ती तिथेच थिजली. दरम्यान नेब्रास्का, टेनेसी, आयडाहो, केंटकी आणि साउथ डकोटा यांनी आपले होकार मागे घेतले किंवा संपुष्टात आणले. सात वर्षांची मुदत १९७९ वरून ३० जून १९८२ पर्यंत वाढवली गेली, तीही उलटली. पस्तीस वर्षांनी नेवाडा (२०१७), इलिनॉय (२०१८) आणि व्हर्जिनिया (२०२०) यांनी संमती दिली आणि आकडा ३८ झाला.

ही मुदत दुरुस्तीच्या मजकुरात नसून राज्यांपुढे मांडणाऱ्या ठरावाच्या प्रास्ताविक वाक्यात होती. प्रास्ताविक हे संहितेचा भाग मानायचे का, हा साहित्याभ्यासकांचा जुना वाद इथे राज्यघटनेचा वाद झाला. समर्थक आणखी एक दाखला देतात: १७८९ मध्ये राज्यांकडे गेलेली सत्ताविसावी दुरुस्ती १९९२ मध्ये पूर्ण झाली. पण तिच्यावर मुदत घातलेलीच नव्हती. आमचे मत सांगायचे तर पाच राज्यांची माघार १८६८ आणि १९२० च्या दाखल्यांपुढे टिकू नये. मुदतीचा आक्षेप मात्र इतक्या सहज झटकता येत नाही. आयुष्यभर या दुरुस्तीची बाजू घेणाऱ्या न्यायमूर्ती रूथ बेडर गिन्सबर्ग यांनीही २०२० मध्ये पुन्हा आरंभापासून सुरुवात व्हावी अशी इच्छा बोलून दाखवली होती. २०२३ मध्ये वॉशिंग्टनच्या अपील न्यायालयाने इलिनॉय आणि नेवाडा यांचा दावा फेटाळला. डिसेंबर २०२४ मध्ये राष्ट्रीय अभिलेखपालांनी आपण दुरुस्ती प्रमाणित करू शकत नाही असे जाहीर केले. १७ जानेवारी २०२५ रोजी, पद सोडण्याच्या तीन दिवस आधी, अध्यक्ष बायडन यांनी ती देशाचा कायदा झाली आहे असे आपले मत सांगितले. त्यानंतरही अभिलेखागाराने ती प्रकाशित केली नाही.