हुकूम न्यायालयाचा, हात सरकारचा

१ एप्रिल १८२९ रोजी मुंबईच्या सुप्रीम कोर्टाचे कामकाज बंद पडले आणि ते बंद केले खुद्द न्यायाधीशाने. सर जॉन पीटर ग्रँट यांचे म्हणणे एवढेच की, आपल्या हुकमाची अंमलबजावणी सरकारच होऊ देत नसेल, तर न्यायासनावर बसून करायचे काय? न्यायालयाचा अवमान म्हटला की न्यायाधीशाला अपशब्द बोलणारा कोणी तरी आपल्या डोळ्यांपुढे येतो. पण तोंडातून चकार शब्द न काढता हुकूम तसाच पडू देणे हाही अवमानच, आणि आमच्या मते अधिक खोलवर जाणारा.

प्रकरण पुण्याचे. पेशवाई जाऊन दहा वर्षे झाली होती. मोरो रघुनाथ नावाचा चौदा वर्षांचा मुलगा पांडुरंग रामचंद्र यांच्या ताब्यात होता. हे मातब्बर गृहस्थ. मुलाला गैरवाजवी अडकवून ठेवले आहे, अशी तक्रार मुंबईस गेली आणि कोर्टाने हेबियस कॉर्पसचा हुकूम काढला: मुलाला आमच्यापुढे हजर करा. ठाण्याच्या तुरुंगातील एका कैद्याबाबतही असाच हुकूम सुटला होता.

गव्हर्नर सर जॉन माल्कम यांना हे मानवणारे नव्हते. दख्खनच्या सरदारांना इंग्रजांनी मानमरातबाची वचने दिलेली. त्यांच्या वाड्यापर्यंत मुंबईच्या कोर्टाचा बेलिफ पोहोचला तर राज्याचा दरारा कुठे राहिला? ही भीती अगदीच पोकळ नव्हती. पण माल्कम यांनी काय करावे? ३ ऑक्टोबर १८२८ रोजी न्यायाधीशांनाच पत्र धाडून कळविले की, असले हुकूम यापुढे पाळले जाणार नाहीत! सरन्यायाधीश वेस्ट ऑगस्टातच वारले होते. त्याच ऑक्टोबरात चेंबर्सही गेले. ग्रँट एकटे उरले. त्यांनी इंग्लंडच्या राजाकडे दाद मागितली, आणि शेवटी कोर्टाला कुलूप लावले.

इकडे लंडनहून लॉर्ड एलनबरो यांनी माल्कमना लिहिले की, दोन माणसाळलेल्या हत्तींच्या मध्ये हा रानटी हत्ती बांधून टाकू. म्हणजे दोन नवे न्यायाधीश पाठवू. पत्र पुढे फुटले आणि त्यावर बराच गवगवा झाला. न्यायाधीशांकडे राज्यकर्ते कसे पाहतात याचा एवढा चोख पुरावा क्वचितच सापडतो.

१८२९ सालीच प्रिव्ही कौन्सिलने निकाल दिला आणि तो ग्रँट यांच्या विरुद्ध गेला. मुंबईच्या हद्दीबाहेर राहणाऱ्या व कोर्टाच्या अधिकाराखाली न येणाऱ्या माणसावर असा हुकूम काढता येत नाही, असे ठरले. म्हणजे कायद्याचा मुद्दा माल्कम यांचाच बरोबर. तरीही आम्ही त्यांना निर्दोष म्हणणार नाही. अधिकार आहे की नाही, हे ठरविणारी जागा वर होती. तिचा निकाल येण्याआधीच पक्षकाराने स्वतः निकाल देऊन टाकला, आणि पक्षकार सरकार होते. ग्रँट पुढे कलकत्त्यास गेले व १८३३ मध्ये तेथील सुप्रीम कोर्टाचे न्यायाधीश झाले. मोरो रघुनाथ मात्र मुंबईच्या कोर्टापुढे आलाच नाही.

आज वाट आखलेली आहे. हुकूम चुकीचा वाटला तर अपील करावे, स्थगिती मागावी. ती मिळेपर्यंत हुकूम पाळावा. १९७१ च्या कायद्याने जाणूनबुजून केलेल्या आज्ञाभंगाला दिवाणी अवमान म्हटले असून त्यास सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही, सांगितले आहेत. रक्कम पाहून हसू येते. कैद मात्र खरी असते. २००६ साली सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध आरागिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल महाराष्ट्राच्या एका माजी वनमंत्र्यांना आणि वनखात्याच्या प्रधान सचिवांना प्रत्येकी एक महिन्याची शिक्षा झाली.