पाषाणातला इतिहास, पिठातला इतिहास

जोगेश्वरीची लेणी सहाव्या शतकातील. ती पाषाणात कोरलेली असल्याने अभ्यासकांना त्यांचा काळ व पंथ ठरवता आला. पुढे त्यांना संरक्षित स्मारकाचा दर्जाही लाभला. तेथून जवळच, जोगेश्वरी-विक्रोळी जोडरस्त्यालगत पसरलेल्या आरेच्या जंगलात खांबाचा पाडा, केलटीपाडा अशा पाड्यांवर वारली राहतात. त्यांचा इतिहास पाषाणात नाही, म्हणून तो इतिहासच नाही, असे आपण नकळत धरून चालतो.

वारल्यांची स्मृती विधींत नांदते. लग्नघरी सुवासिनी कुडाच्या सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक काढतात. मधोमध पालघट देवी. धवलेरी गाणी म्हणून लग्न लावते. चौकावाचून लग्न नाही आणि लग्नावाचून चौक नाही. पुढे भिंत पडली तरी बिघडत नाही, कारण पुढच्या लग्नात तो पुन्हा काढला जातो. परंपरा इथे वस्तूत साठत नाही, हातात आणि गळ्यात राहते.

1970च्या दशकात भास्कर कुलकर्णी यांनी डहाणू परिसरात कागद व रंग पोहोचवले. डहाणूतील गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांनी, पुरुष असूनही, ही कला विधीबाहेर नेली; त्यांना 2011 साली पद्मश्री मिळाली. कलेला कीर्ती आली, पण तिचा प्रसंग सुटला. कॅनडातील इनुइटांचीही हीच कथा. 1949 साली जेम्स ह्यूस्टन यांच्या पुढाकाराने त्यांची कोरीव शिल्पे माँट्रियलच्या बाजारात आली. मात्र 1999 साली त्यांना नुनावुत हा स्वतःचा प्रदेशही मिळाला.

त्याच 1949 मध्ये इकडे आरे दूध वसाहत उभी राहिली आणि पाड्यांभोवतीची जमीन शासकीय झाली. पुढे मेट्रोच्या कारशेडसाठी प्रजापूरपाड्यातील कुटुंबे हलवली गेली. ऑक्टोबर 2019 मध्ये दोन हजारांहून अधिक झाडे तोडली गेली. इमारतीतल्या खोलीत माणसाला छप्पर मिळते, पण सारवलेली भिंत, अंगण आणि वाघोबाचे ठाणे तिथे कसे न्यावे?

साहित्याच्या वर्गात आपण धवलेरीचे गीत ‘लोकसाहित्य’ म्हणून शिकवतो, अनेकदा त्याचे गाव आणि प्रसंग वगळून. ज्या भिंतीसमोर ते गायले जाते ती भिंत संहितेचाच भाग आहे. पाडा उठला तर गीताचे शब्द आपल्या वहीत उरतील. त्यांनी लग्न मात्र लागणार नाही.