ललिता पवार : दुय्यम भूमिकांची थोरवी

एखाद्या घरी सासू कजाग निघाली की तिला ‘ललिता पवार’ म्हणण्याची आपल्याकडे रीतच पडून गेली. विशेषनामाचे असे सामान्यनाम होणे, हा अभिनयाचा विजयच होय. परंतु हा विजय त्या अभिनेत्रीला कोणत्या मोलाने मिळाला, याचा विचार आपण क्वचितच करतो.

१९१६ साली येवला येथे जन्मलेल्या अंबा सगुण या मुलीने मूकपटांच्या काळात, बालवयातच चित्रसृष्टीत पाऊल टाकले. ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या त्या सहनिर्मात्या होत्या, तर ‘हिंमते मर्दा’ (१९३५) या बोलपटाच्या नायिका. पुढील वाटचाल अशीच वैभवाची होणार, असे दिसत होते.

१९४२ साली ‘जंगे आझादी’च्या चित्रीकरणात, प्रसंगाची गरज म्हणून सहकलाकाराने मारलेली चपराक भलतीच जोरात बसली. चेहऱ्याला पक्षाघात झाला. दीर्घ उपचारांनंतरही डावा डोळा कायमचा अधू राहिला. वयाच्या सव्विसाव्या वर्षी नायिकापदाचे दार बंद झाले.

ललिताबाईंनी मात्र काम सोडले नाही. ‘रामशास्त्री’मध्ये (१९४४) त्यांनी ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई उभी केली. ‘दहेज’मध्ये (१९५०) निर्दय सासू रंगवली. प्रेक्षकांना त्या बारीक झालेल्या डोळ्यात दुष्टावा दिसू लागला. वास्तविक ती होती एका जखमेची खूण!

हा समज त्यांनी स्वतःच खोटा ठरवला. ‘श्री ४२०’मधील (१९५५) केळी विकणारी गंगामाई परक्या तरुणाला पोटच्या मुलाप्रमाणे जीव लावते. हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अनाडी’तील (१९५९) मिसेस डिसा तर आपल्या ख्रिस्ती घरांतील वाटावी. वरून फणसासारखी काटेरी, आतून गोड अशी ही घरमालकीण निराधार भाडेकरूवर माया करते आणि अखेर विषारी औषधाला बळी पडते. डोळा तोच, करडा आवाजही तोच. परंतु येथे त्यांतून वात्सल्य पाझरते. या भूमिकेसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार लाभला. १९६१ साली संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा गौरव केला.

सत्तरी ओलांडल्यावर, १९८७ पासून, दूरदर्शनच्या ‘रामायण’ मालिकेतील मंथरेच्या रूपाने त्या पुन्हा घरोघरी पोहोचल्या. १९९८ च्या फेब्रुवारीत पुण्यात त्यांचे निधन झाले.

वाचकहो, कथेत मानाचे स्थान एकालाच मिळते. परंतु इतरांवाचून ती कथा उभी राहत नाही. आपली कुटुंबे आणि आपले समाजजीवनही असेच चालते. चेहऱ्यावरून माणसाची पारख करू नये, हा धडा ललिताबाईंनी कोणताही उपदेश न करता, निव्वळ आपल्या कामातून शिकवला. व्यंग लपवत बसण्यापेक्षा त्यालाच कामाला जुंपणाऱ्या या स्त्रीचे स्मरण केवळ ‘खाष्ट सासू’ म्हणून उरावे, हे तिच्या श्रमांना न्याय देणारे नाही.