कॉन्फर्वा : एका नावाची खातेफोड

गोड्या पाण्यात वाढणाऱ्या तंतुमय शेवाळाला युरोपातील वनस्पतिशास्त्रज्ञ दोनशे वर्षांपूर्वी 'कॉन्फर्वा' या नावाने ओळखीत असत. ओढ्यातील धोंड्याला धरून प्रवाहाबरोबर हेलकावणारे हिरवे केस असोत, की डबक्याच्या पृष्ठभागावर तरंगणारा बुळबुळीत गोळा असो, ज्याची काया धाग्यांची आहे आणि ज्याला ना मूळ, ना पान, ना फूल, असे काहीही दृष्टीस पडले की त्याची नोंद बहुधा याच एका सदराखाली होई. आज कोणत्याही शैवलाचे मान्य नाव म्हणून ते चालत नाही; जुन्या ग्रंथांच्या दप्तरातच त्याची गाठ पडते. तथापि एखादे शास्त्रीय नाव कसे रूढ होते, त्याचा अंमल किती दूरवर पसरतो आणि निरीक्षण सूक्ष्म होत गेले म्हणजे ते कोणत्या क्रमाने मागे हटते, हे पाहू इच्छिणाऱ्याला कॉन्फर्वाच्या इतिहासाइतके बोधप्रद उदाहरण क्वचितच मिळेल.

या नावाचा उगम वैद्यकात आहे. रोमन ग्रंथकार थोरला प्लिनी, जो इ. स. 79 मध्ये व्हेसूव्हिअस ज्वालामुखीच्या उद्रेकात मृत्यू पावला, त्याच्या सदतीस खंडांच्या सृष्टिवर्णनात औषधी वनस्पतींच्या प्रकरणी कॉन्फर्वाचा उल्लेख येतो. आल्प्स पर्वतातील नद्यांत होणारी ही वस्तू वनस्पतीपेक्षा गोड्या पाण्यातील स्पंजासारखी अधिक दिसते असे सांगून, सांधणे, झाळणे अशा अर्थाच्या लॅटिन धातूवरून तिला हे नाव मिळाले अशी व्युत्पत्ती तो देतो. उंच झाडाच्या फांद्या छाटताना खाली कोसळून ज्याची बहुतेक हाडे मोडली होती अशा एका मनुष्याचे सर्वांग या शेवाळाने वेष्टिले, ते सुकू लागले की त्याच्याच पाण्याने पुन्हा भिजविले, आणि तो मनुष्य आश्चर्यकारक वेगाने बरा झाला, असा दाखलाही प्लिनीने दिला आहे. शेवाळाच्या अंगी हाडे सांधण्याचा गुण आहे असे आज कोणी मानणार नाही. पण एखाद्या वस्तूची ओळख तिच्या उपयोगावरून ठरविण्याची जी प्राचीन वहिवाट होती, तिचा हा स्वच्छ नमुना आहे. प्लिनीला शेवाळाच्या जीवनाशी कर्तव्य नव्हते. त्याला त्याचा गुण हवा होता.

पुढे औषधी गुणाची आठवण मागे पडली आणि नाव मात्र उरले. मूळचा जर्मनीतील दार्मश्टाटचा आणि पुढे ऑक्सफर्ड येथे वनस्पतिशास्त्राचा प्राध्यापक झालेला डिलेनियस याने 1741 मध्ये शेवाळे, हरिता आणि दगडफुले यांचा जो बृहद्ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यात धाग्यांच्या शेवाळांना कॉन्फर्वा या नावाखाली एकत्र आणले. आणि 1753 मध्ये लिनीअसने आपल्या 'स्पीशीज प्लांटारम' या ग्रंथात त्या नावाला प्रजातीची सनद बहाल केली. लिनीअसची वर्गीकरणपद्धती फुलातील पुंकेसर आणि स्त्रीकेसर यांच्या मोजणीवर उभी होती. ज्यांना फूलच नाही त्यांची गणना करण्याचे साधन तिच्यापाशी नव्हते. म्हणून अशा साऱ्या वनस्पतींना त्याने 'क्रिप्टोगॅमिया', म्हणजे ज्यांचा विवाह गुप्त आहे अशा, चोविसाव्या आणि अखेरच्या वर्गात ठेवले, आणि त्यातील शैवलांच्या गणात आज ज्यांना आपण स्वतंत्र मानतो ती यकृतका आणि दगडफुलेसुद्धा घातली.

लिनीअसच्या कॉन्फर्वात कोण कोण नांदत होते, याची आजच्या ज्ञानाने झडती घेतली तर विस्मय वाटतो. त्याची 'कॉन्फर्वा ग्लोमेराटा' आज क्लॅडोफोरा या हिरव्या शैवलाच्या खाती आहे. 'कॉन्फर्वा रेटिक्युलाटा' हे पाण्यात जाळे विणणारे हायड्रोडिक्टिऑन होय. 'कॉन्फर्वा जिलाटिनोझा' आणि 'कॉन्फर्वा फ्लुव्हिआटिलिस' ही गोड्या पाण्यात क्वचित आढळणारी तांबडी शैवले निघाली. आणि 'कॉन्फर्वा लिटोरालिस' हे तर समुद्रकाठचे तपकिरी शैवल. हिरवे, तांबडे आणि तपकिरी, गोडे आणि खारे, असे परस्परांशी दूरचे नाते असलेले सारे जीव केवळ धाग्याच्या आकारामुळे एका छपराखाली आले होते. यासाठी लिनीअसला दोष देणे अन्यायाचे होईल. ज्या काळी नुसत्या डोळ्याला दिसणारे रूप हाच पुरावा होता, त्या काळी वस्तूला निदान नाव देऊन ती नोंदीत आणणे हीच मोठी सेवा होती. कारण जी वस्तू नोंदीतच नाही तिची चौकशी पुढे कोणी करीत नाही.

सूक्ष्मदर्शक तोवर नव्हता असे नाही. डेल्फ्टचा कापडव्यापारी लेवेनहूक याने 1674 मध्ये गावाजवळच्या एका सरोवराचे पाणी भिंगाखाली पाहून, त्यात नागमोडी वळलेल्या हिरव्या पट्ट्या दिसल्याचे लंडनच्या रॉयल सोसायटीला कळविले होते, आणि ती स्पायरोगायरा असावी असे पुष्कळ अभ्यासक मानतात. परंतु त्याचे निरीक्षण आणि ग्रंथकारांचे वर्गीकरण हे दोन प्रवाह बराच काळ वेगवेगळे वाहत राहिले. त्यांचा खरा संगम घडवून आणला तो जिनिव्हाचा पाद्री झाँ-पिएर व्होशे याने.

व्होशे (1763–1841) हा प्रॉटेस्टंट धर्मोपदेशक, अध्यापक आणि तरुणांना घरी ठेवून शिकविणारा गुरू होता. पुढे सार्डिनियाचा राजा झालेला चार्ल्स आल्बर्ट हा त्याच्या छात्रांपैकी एक. या व्यापातून वेळ काढून त्याने जिनिव्हाच्या परिसरातील झऱ्यांतली आणि खड्ड्यांतली शेवाळे जमविली, आणि 1803 मध्ये 'गोड्या पाण्यातील कॉन्फर्वांचा इतिहास' या अर्थाच्या नावाचा फ्रेंच ग्रंथ छापला. त्याच्या पूर्वसूरींनी शेवाळ वाळवून कागदावर चिकटविले आणि मग त्याचे वर्णन लिहिले. व्होशेने ते पाण्यात जिवंत राखले, आणि त्याचे पुढे काय होते हे दिवसानुदिवस पाहिले. दोन धागे परस्परांशेजारी समांतर येतात, दोहोंच्या पेशींना समोरासमोर कोंभ फुटतात, ते कोंभ मिळून एक नळी होते, त्या नळीतून एका पेशीतील सर्व द्रव्य दुसरीत जाते, आणि तेथे एक गोल बीज तयार होते. हा संयुग्मनाचा सोहळा त्याने बारकाईने वर्णिला, आणि त्या बीजातून पुन्हा नवा धागा उगवताना पाहिला. जाळीदार शैवलाच्या एकेका पेशीत संपूर्ण चिमुकले जाळे सिद्ध होऊन ते बाहेर पडते, हेही त्याने पाहिले. ज्यांचा विवाह गुप्त म्हणून लिनीअसने बाजूस ठेविला होता, त्यांपैकी काहींच्या विवाहाचा हा पहिलाच सविस्तर वृत्तांत होता.

याचा परिणाम दूरगामी झाला. धाग्याचा आकार एकच असला तरी संतती निर्माण करण्याच्या रीती भिन्न आहेत हे दिसताच, आकारावर उभे असलेले नाव डळमळू लागले. एकत्र कुटुंबाच्या नावावर चालत आलेल्या जमिनीची वारसांत वाटणी होऊन प्रत्येकाचे खाते निराळे व्हावे, तशी कॉन्फर्वाची खातेफोड सुरू झाली. व्होशेने स्वतःच आपल्या शेवाळांचे सहा समूह पाडले होते. त्यांपैकी ज्यांची बीजे धाग्याच्या बाहेर धरतात त्यांना द कांदोल याने त्याच्या गौरवार्थ व्होशेरिया असे नाव 1801 मध्येच दिले होते. आगार्डने 1817 मध्ये झिग्नेमा, लिंकने 1820 मध्ये स्पायरोगायरा आणि ईडोगोनियम, क्यूत्झिंगने 1833 मध्ये युलोथ्रिक्स आणि 1843 मध्ये क्लॅडोफोरा, अशी एकामागून एक खाती स्वतंत्र झाली. आणि प्रत्येक वेळी जुन्या नावाचा मुलूख तेवढा आखडला.

ही वाटणी केवळ विद्यापीठांतील पंडितांनी केली असे समजू नये. वेल्समधील स्वान्झी येथील चिनीमातीच्या भांड्यांच्या कारखान्याचा मालक, आणि पुढे पार्लमेंटचा सभासद झालेला लुइस वेस्टन डिल्विन याने 1802 ते 1809 या काळात ब्रिटनमधील कॉन्फर्वांचा सचित्र ग्रंथ भागाभागांनी प्रसिद्ध केला. आणि त्याला नमुने पुरविणाऱ्यांत आयर्लंडच्या बँट्री उपसागराकाठी राहणारी एलन हचिन्स ही होती. प्रकृतीने अशक्त असलेली आणि वयाच्या तिसाव्या वर्षाच्या आतच 1815 मध्ये निधन पावलेली ही स्त्री खडकांवरून आणि ओढ्यांतून जे गोळा करी, त्यातील एका जातीला डिल्विनने तिचेच नाव दिले; ती जाती आज क्लॅडोफोराच्या खाती गेली असली तरी हचिन्सचे नाव तिच्याबरोबर कायम आहे. लंडनचा डॉक्टर आर्थर हिल हॅसल याने 1845 मध्ये ब्रिटनच्या गोड्या पाण्यातील शैवलांचा इतिहास लिहिला. आणि हीच सूक्ष्मदर्शकाची सवय घेऊन तो 1850 मध्ये लंडनच्या नळांच्या पाण्याकडे, आणि लगेच पुढे बाजारातील भेसळीच्या अन्नाकडे वळला. डबक्यातील धागे ओळखण्यास शिकलेल्या डोळ्याने एका महानगराच्या आरोग्याची राखण केली, ही या शास्त्राची लहान कामगिरी नव्हे.

मधल्या काळात कॉन्फर्वा हा शब्द सर्वसामान्य निसर्गवाचकांच्या भाषेत मात्र सुखाने नांदत होता. 1832 च्या मार्च महिन्यात 'बीगल' जहाज ब्राझिलच्या अब्रोल्योस बेटांजवळून जात असता चार्ल्स डार्विनला समुद्र तांबूस-तपकिरी झालेला दिसला. भिंगातून पाहता पाण्यावर वाळल्या गवताचे बारीक तुकडे पसरावे तसे त्याचे दृश्य होते. ते सूक्ष्म कॉन्फर्वा असून वीस ते साठ धाग्यांच्या जुड्यांनी तरंगत होते, असे त्याने आपल्या प्रवासवर्णनात लिहिले. तांबड्या समुद्राला रंग देणारी ट्रायकोडेस्मियम एरिथ्रियम ही जाती तीच, असा निर्वाळा त्याला बर्कली या तज्ज्ञाने दिला. आजच्या मते ती नील-हरित गटातील असल्यामुळे लिनीअसच्या हिरव्या धाग्यांशी तिचे नाते फारच दूरचे ठरते. पण तंतुरूप दिसताच हा शब्द डार्विनसारख्या चिकित्सकाच्या लेखणीतूनही आपोआप उतरे, एवढी त्याची वहिवाट घट्ट होती.

त्याच शतकात या धाग्यांनी प्राणी आणि वनस्पती यांच्यातील हद्दीचाही प्रश्न उभा केला. व्होशेरियाच्या टोकाशी तयार होणारा चलबीजाणू बाहेर पडून पाण्यात पोहत जातो, हे पाहून थक्क झालेल्या फ्रान्झ उंगर याने 1843 मध्ये व्हिएन्नात प्रसिद्ध केलेल्या पुस्तकाला वनस्पती प्राणी होण्याचा क्षण अशा आशयाचे नाव दिले; पुढे मेंडेल ज्यांच्यापाशी शिकला त्या अध्यापकांपैकी हा एक. बर्लिनच्या प्रिंग्सहाइमने 1855 मध्ये व्होशेरियाचे, आणि नंतर ईडोगोनियमचे फलन तपासून, त्या गुप्त विवाहाचे उरलेसुरले गूढही उकलले. 1882 मध्ये एंगेलमानने क्लॅडोफोराच्या धाग्यावर प्रकाशाचा वर्णपट टाकला, आणि प्राणवायूच्या शोधात असलेले जंतू तांबड्या व निळ्या भागात गर्दी करतात, हे दाखवून कोणता प्रकाश वनस्पतीच्या कामी येतो ते सिद्ध केले. या सुमारास कॉन्फर्वा हे नाव काही ग्रंथकार, आज ज्याला ट्रायबोनेमा म्हणतात त्या पिवळसर-हिरव्या गटापुरते वापरीत होते. आणि तेथूनही ते लवकरच निघून गेले.

आपल्याकडे शेवाळाचा परिचय अर्थात पुरातन आहे. अमरकोशात शैवालाला जलनीली असाही पर्याय आढळतो. परंतु शास्त्रीय अभ्यासाची परंपरा विसाव्या शतकात जोमाने वाढली, तीही कॉन्फर्वाच्या वाटणीनंतर स्वतंत्र झालेल्या खात्यांच्याच अनुरोधाने. मद्रासचे प्रा. एम. ओ. पी. अय्यंगार यांनी 1932 मध्ये फ्रिट्शिएला ही नवी प्रजाती जगापुढे ठेवली. भारतीय कृषी संशोधन परिषदेने शैवलांवर जे ग्रंथ काढले, त्यांतील संयुग्मी शैवलांचा 1959 मधील ग्रंथ एम. एस. रंधावा या आय. सी. एस. अधिकाऱ्याने लिहिला. फाळणीच्या धामधुमीत दिल्लीच्या जिल्ह्याचा कारभार वाहणाऱ्या आणि पहाडी चित्रकलेवर ग्रंथ लिहिणाऱ्या या गृहस्थांना स्पायरोगायराच्या बीजांची मापे घेण्यास उसंत मिळत होती, हे पाहिले म्हणजे व्होशे आणि डिल्विन यांच्या परंपरेचा धागा येथवर पोहोचल्याची खात्री पटते. महाराष्ट्रापुरते बोलायचे तर मुंबईच्या एला गोन्साल्विस यांनी जोशी या सहकाऱ्यासह वांद्र्याच्या एका तलावातील शैवले ऋतुमानाप्रमाणे कशी पालटतात याचा अभ्यास 1946 मध्ये प्रसिद्ध केला, आणि पुढे 1981 मध्ये ईडोगोनियमच्या गणावरील कृषी परिषदेचा ग्रंथ सिद्ध केला. वांद्र्याच्या तलावाशी त्यांनी केलेले काम जिनिव्हाच्या पाद्र्याने घालून दिलेल्या रीतीचेच होते : जिवंत वस्तू, तिच्याच पाण्यात, ऋतूमागून ऋतू पाहत राहणे.

कॉन्फर्वाच्या इतिहासाचे मर्म मला या रीतीत दिसते. हे नाव कोणी वादविवादात खोडून काढले नाही, किंवा एखाद्या सभेच्या ठरावाने ते रद्द झाले म्हणून व्यवहारातून गेले नाही. ज्यांनी शेवाळ जिवंत ठेवून त्याच्या साऱ्या अवस्था डोळ्यांखालून घातल्या, त्यांच्या निरीक्षणापुढे ते अपुरे पडत गेले. प्लिनीने गुण पाहिला, लिनीअसने रूप पाहिले, व्होशेने चरित्र पाहिले. आणि ज्ञानाची वाढ या तिसऱ्या पाहण्याने झाली. ज्या नावाखाली नमुने जमले, प्रश्न सुचले आणि पुढच्यांना चौकशीची जागा मिळाली, त्या नावाचे लोप पावणे हे त्याच्या कार्याचे साफल्यच मानले पाहिजे. आपल्या गावोगावच्या विहिरी, तळी, पाझर-तलाव आणि भाताची खाचरे यांत अजून कित्येक धागे शेवाळ या एकाच शब्दाखाली पडून आहेत. त्यांची नोंद वर्षाच्या बाराही महिन्यांत घेण्यासाठी फार मोठ्या खर्चाची गरज नाही. तालुक्याच्या प्रत्येक महाविद्यालयाला परवडेल असा एक सूक्ष्मदर्शक आणि एक चिकाटीचा माणूस एवढे भांडवल त्या कामाला पुरेसे आहे, आणि ते काम आपण हाती घेतले पाहिजे.