गावजोशाचे वतन आणि लग्नघराची अडचण

केळापूरच्या जगदंबेची यात्रा सरते न सरते तोच शेजारच्या पांढरकवड्यात लग्नसराईच्या बोलण्यांस आरंभ होतो. आणि त्याबरोबर लग्नघरांची एक तक्रारही ऐकू येऊ लागते. मंडपवाल्यास किंवा छायाचित्रकारास विसार देऊन ठेवावा, आणि तिथी जवळ आली की त्याने निरोपास उत्तरच देऊ नये! ही तक्रार नव्या काळाचे अपत्य आहे असे पुष्कळांस वाटते. परंतु ज्याच्यावाचून लग्न अडते असा मनुष्य वेळेवर हाती न लागणे, आणि दुसऱ्याकडून काम उरकून घेतले तरी पहिल्याचे देणे मानगुटीस बसणे, हा महाराष्ट्रातील कुणब्याचा जुना अनुभव आहे. तो मनुष्य म्हणजे गावजोशी.

जोशी हा सुतार, लोहार, कुंभार, न्हावी यांच्याप्रमाणे गावगाड्यातील बलुतेदार होता. पंचांग सांगणे, मुहूर्त काढणे व लग्न लावणे ही त्याची कामे. परंतु ह्या कामास चाकरी म्हणणे चूक होईल. ते वतन होते. बापाकडून मुलाकडे ते येई, भाऊबंदांत त्याच्या वाटण्या होत, आणि पेशवाईच्या दप्तरांत जोशीपणाच्या तंट्यांचे कागद मुबलक सापडतात. आता शेताचा धनी शेतावर उशिरा गेला म्हणून त्याचे शेत कोणी काढून घेत नाही. तद्वत यजमानाच्या दारी उशिरा आलेल्या, किंवा न आलेल्या, जोशाचा हक्कही जात नसे. शिवाय शुभ तिथ्या मोजक्याच. एकाच मुहूर्तावर गावात चार लग्ने निघाली म्हणजे जोशीबुवा आधी कोणाच्या मांडवात जाणार आणि कोणाचे वऱ्हाड ताटकळत बसणार, हे सांगण्यास ज्योतिषाची गरज नाही.

इंग्रजी अंमल आल्यावर हे मोडेल अशी अपेक्षा असती तर ती फोल ठरली असती. नव्या न्यायालयांनी जुन्या वहिवाटीस मालमत्तेचा दर्जा दिला, आणि जे पूर्वी गोतसभेपुढे भांडले जाई ते आता दिवाणी दावे होऊन बसले. यजमानाने दुसरा पुरोहित बोलाविला तरी वतनदार जोशास त्याची दक्षिणा मिळाली पाहिजे, असा निर्णय मुंबई हायकोर्टाने 1874 च्या सुमारास दिला. एका लग्नाची दोन दक्षिणा! गरिबाने काय करावे?

जोतीराव फुल्यांनी ह्या प्रश्नास दिलेले उत्तर अतिशय सरळ होते: पुरोहितास बोलावूच नये. सत्यशोधक समाजाची स्थापना 24 सप्टेंबर 1873 रोजी झाली, आणि त्याच वर्षी 25 डिसेंबरला भटजीवाचून पहिले लग्न लागले. हे उत्तर न्यायालयात टिकते की नाही, ह्याची कसोटी मात्र पुढे जुन्नर तालुक्यातील ओतूर येथे लागली. बाळाजी कुसाजी पाटील यांनी 1884 साली आपल्या घरचे लग्नकार्य जोशावाचून उरकले. गावजोशाने दक्षिणेसाठी दावा लाविला. आणि तंटा चढत चढत हायकोर्टापर्यंत गेला. 1890 च्या सुमारास निकाल पाटलांच्या बाजूने लागला. ज्या विधीस कोणताच पुरोहित बोलाविला नाही त्याची दक्षिणा जोशास मागता येत नाही, असे ठरले. दावा चालू असतानाच, 1887 साली, फुल्यांनी मंगलाष्टकांसह सर्व पूजाविधींचे पुस्तक छापून काढले होते. घरच्या माणसांस आपले कार्य आपणच करता यावे, हा त्याचा उघड हेतु होता.

परंतु ह्या निकालातील अर्थ बारकाईने पाहण्यासारखा आहे. पुरोहित मुळीच नको म्हणण्याची मोकळीक यजमानास मिळाली. तो बदलण्याची मिळाली नाही. ज्याची धर्मविधीवर श्रद्धा उडाली तो सुटला, आणि ज्यास विधी हवे होते पण हाच जोशी नको होता, तो भाविक कुणबी अडकूनच राहिला. कायद्याने बंडखोराची सोय भाविकाच्या आधी केली, ही त्यातील गंमत माझ्या मते कोणत्याही प्रहसनास शोभेल.

राजाची गोष्ट निराळी. 1899 साली निघालेल्या वेदोक्ताच्या वादात कोल्हापूरच्या राजोपाध्यांनी शाहू छत्रपतींच्या घरी वेदोक्त विधी करण्याचे नाकारले, तेव्हा महाराजांनी 1902 मध्ये त्यांचे वतनच खालसा केले. असे हत्यार शेतकऱ्याच्या हाती कोठून असणार? त्याच्यासाठी कायदाच हवा होता, आणि तो मुंबईच्या विधिमंडळात सीताराम केशव बोले यांनी नेटाने मांडला. 1926 मध्ये तो मंजूर झाला. ज्यास विधीसाठी बोलाविले नाही त्यास त्या विधीची दक्षिणा वसूल करता येणार नाही, एवढेच त्याचे म्हणणे. पण तेवढे म्हणण्यास ओतूरच्या निकालानंतरही सुमारे छत्तीस वर्षे गेली.

हा कायदा मुंबई इलाख्याचा. केळापूर वऱ्हाडात, म्हणजे तेव्हा मध्यप्रांताच्या कारभाराखाली. त्यास तो लागू नव्हता. मात्र ह्या तालुक्याचे एक वैशिष्ट्य असे की गोंड व कोलाम यांची येथे मोठी वस्ती आहे, आणि त्यांची लग्ने त्यांच्या जातीतील जाणती मंडळीच लावीत आली. वंशपरंपरेचा हक्कदार गोंडांकडेही आहेच, तो प्रधान. किंगरी वाजवून कुळाच्या देवांची कथा सांगावी आणि लग्नात व मर्तिकात आपला मान घ्यावा, ही त्याची रीत. पण तो त्या कुळाची स्मृतीच सांभाळतो. त्याला टाळून त्याच्या जागी दुसरा कोणी आणावा तर ती कथा सांगणार कोण? जोशाचे तसे नव्हते. त्याचे पंचांग शेजारच्या गावच्या जोशापाशीही होते.

आज मंडपवाल्याचे वतन नाही; तो केवळ कराराने बांधलेला आहे. 1986 च्या, आणि त्याच्या जागी आलेल्या 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याने मोबदला घेऊन कबूल केलेली सेवा न देणे हा तक्रारीचा विषय ठरतो, आणि तक्रार दोन वर्षांच्या आत करावी लागते. विसाराची पावती, ठरलेली तिथी आणि काय काय कबूल केले त्याचा लेख, एवढे हाती असले म्हणजे दाद मागता येते. नुसत्या शब्दावर विसार देणाऱ्यापाशी मात्र दाखविण्यास काही नसते, आणि लग्नघरात सामान्यतः शब्दच चालतो. केळापुराकडील माणसास त्यासाठी जिल्ह्याच्या आयोगाकडे, यवतमाळास जावे लागते. ओतूरच्या पाटलांचा तंटा मुंबईपर्यंत गेला होता.